शब्दचर्चा: ट्रकच्या खेळातला ‘झाकोळ’ की ‘आडोसा’?

खानापूरहून प्रश्न
आमच्याकडच्या पोरांसाठी युरो ट्रक सिम्युलेटर २ च्या सेटिंगची माहिती मराठीत लिहितोय आणि एका शब्दावर अडलोय. या खेळाचं प्रिझम३डी इंजिन, म्हणजे पडद्यावरचं चित्र उभं करणारं सॉफ्टवेअर, टप्प्याटप्प्यानं सुधारत आलंय. 2020 च्या 1.38 आवृत्तीत एसएसएओ (स्क्रीन स्पेस अँबियंट ऑक्लूजन, म्हणजे वस्तूंच्या फटी-कोपऱ्यांत अंधार दाखवणारी सोय) आलं, 2021 च्या 1.40 मध्ये प्रकाशयोजनाच नवी केली. प्रकाशयोजनेला ‘उजेड’ म्हटलं की भागतं. एसएसएओला काय म्हणावं?

‘सावली’ म्हणवत नाही. सावली एका अंगाला पडते, उन्हं कलली की लांबते. हा अंधार ढगाळ दिवशीही जागचा हलत नाही: मडगार्ड आणि टायरमधल्या फटीत, हौद्याच्या कोपऱ्यात, फाळक्याच्या बिजागरीपाशी. कोशातला जड शब्द घातला तर पोरं पुढं वाचणार नाहीत. मला ‘झाकोळ’ सुचतो.

निपाणीहून
झाकोळ नको. तो आभाळाला येतो. पावसाळ्यात तवंदी घाटात झाकोळून आलं की सगळा मुलूख सारखाच अंधारतो, एकटा कोपरा नव्हे. ‘आडोसा’ घ्या. वाऱ्याला आडोसा, पावसाला आडोसा, तसा उजेडाला. इथं उजेडाच्या आड येते ती शेजारचीच वस्तू.

बेळगावहून
दादा, कारण बरोबर सांगितलंत, पण आडोसा ही जागा झाली. आडोशाला माणूस उभा राहतो. आपल्याला तिथल्या अंधाराचं नाव हवंय. कन्नडात झाडाखालची सावली आणि भिंतीवरची पडछाया, दोन्हींना ‘नेरळु’ चालतं. मराठीत दोन शब्द आहेत, तरी हा तिसरा अंधार दोन्हींत बसत नाही.

माझे मामा निपाणीहून तंबाखू भरून ट्रक न्यायचे. गाडी थांबली की मागच्या जोडटायरमध्ये दगड अडकलाय का ते बघायचे, तेही भर दुपारी बॅटरी मारून. मी लहानपणी विचारलं होतं, “मामा, एवढं ऊन असताना बॅटरी कशाला मारूलालास?” ते म्हणाले, “सांदीत ऊन शिरत नाही गं.” मला तर ‘सांदीचा काळोख’ हाच शब्द योग्य वाटतो. सांदीकोपरा म्हणजे काय, हे घराघरांत माहीत आहे.

खानापूरहून
ताई, पटलं. शिवाय एसएसएओ करतं तेच. पडद्यावरच्या एकेका ठिपक्याशेजारी काय किती खोल आहे ते मोजतं आणि दाटीवाटीची जागा काळी करतं. पडद्याबाहेरचं त्याला दिसत नाही, म्हणून कॅमेरा वळवला की कडेचा काळोख कधीकधी एकदम उमटतो नाहीतर पुसला जातो. खऱ्या सांदीत असं होत नाही, तेवढी टीप द्यावी लागेल.

‘झाकोळ’ मी 1.40 मधल्या ढगाळ हवेच्या वर्णनासाठी राखून ठेवतो, निपाणीकरांचं म्हणणं तिथं चपखल बसतं. सेटिंगपुढं आता असं लिहिलंय: ‘सांदीचा काळोख. ग्राफिक्स कार्ड जुनं असेल आणि खेळ अडखळत असेल, तर आधी हा बंद करून बघा.’