मदत हवी आहे: माझ्या कादंबरीतला तत्त्वज्ञ उभाच राहत नाही

हळदगाव
नमस्कार मंडळी. तोरल नावाच्या तत्त्वज्ञाचं चरित्र पाच पानांत बसवायचंय. कितीदा लिहिलं आणि फाडलं. त्याचं एकच वाक्य पक्कं आहे: "दगडाला आठवतं, दगडाला कळत नाही." याच्या पुढं गाडी हलत नाही. रविवारी सांगलीत आमच्या कट्ट्यावर प्रकरण वाचायचंय. लवकर सुचवा प्लीज.

संगम_माहुली
दगडाला आठवतं म्हणजे काय? काळ कुठला? हा माणूस कथेत जिवंत आहे का?

जुना_मास्तर
आधी त्याला मारा. तत्त्वज्ञ कसा मेला हे ठरलं की आयुष्य आपोआप मागं लिहिलं जातं. सॉक्रेटिसनं स्वतः एक ओळ लिहिली नाही, पण इ.स.पू. 399 मधला तो विषाचा प्याला सगळ्यांना माहीत आहे.

हळदगाव
सांगायचं राहिलं. त्या जगात दगडाजवळ जे बोललं जातं ते दगडात राहतं. हात ठेवला की पुन्हा ऐकू येतं. त्यामुळं न्यायनिवाडा, सावकारी, लग्नाची बोलणी, सगळं दगडासमोर. तोरल दोनशे वर्षांपूर्वी होऊन गेला. आता त्याचे दोन पंथ एकमेकांच्या जिवावर उठलेत. आणि मास्तर, मरण ठरलंय हो, म्हातारपणी झोपेत. मला त्याचे विचार हवेत.

वाईचा_घाट
तुमचं वाक्य वाचून उठून बसलो. आमच्या न्यायदर्शनात, म्हणजे जुन्या भारतीय तर्कशास्त्रात, नेमका हाच भेद आहे. 'तर्कसंग्रहा'त अन्नंभट्ट बुद्धीचे, म्हणजे ज्ञानाचे, दोन भाग करतो, स्मृती आणि अनुभव. यथार्थ अनुभव तीच प्रमा, म्हणजे खरं ज्ञान. स्मृती कितीही बरोबर असली तरी ती प्रमा नव्हे. तोरलला इथून पुढं न्या. दगड साक्षीदार आहे, पण न्यायाधीश नाही. खून झाला त्या भिंतीला किंकाळी आठवते, का मारलं ते भिंतीला ठाऊक नाही. वाईत तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी होऊन गेले, विश्वकोशाचं काम इथं उभं राहिलं. एकदा इकडं या, निवांत बसू.

संगम_माहुली
पण मोठी अडचण आहे. दगडात सगळं राहत असेल तर तोरलचे शब्दही राहिले असणार. मग पंथ भांडतात कशावरून? हात ठेवा आणि ऐका, वाद मिटला.

लोकायत
म्हणून त्याचे शब्द ठेवूच नका. चार्वाकांसारखं करा. त्यांचं म्हणणं आपल्यापर्यंत आलं ते मुख्यतः विरोधकांच्या तोंडून. चौदाव्या शतकातल्या माधवाचार्यांच्या 'सर्वदर्शनसंग्रहा'त पहिलंच प्रकरण चार्वाकांचं आहे. तोरलचं चरित्र त्याच्या शत्रूकडून लिहून घ्या.

वाईचा_घाट
अर्धंच सांगताय. चार्वाकांच्याच बाजूचा मानला जाणारा जयराशी भट्टाचा ग्रंथ 'तत्त्वोपप्लवसिंह' 1940 साली बडोद्याहून छापला गेला, तो विसरलात का?

लोकायत
तो लोकायतांचा, म्हणजे चार्वाकांचा, मानावा का यावरच वाद आहे. आणि जयराशी तर प्रत्यक्ष प्रमाणही, म्हणजे इंद्रियांनी कळतं तेही, उडवून लावतो, चार्वाकांना निदान तेवढं मान्य होतं.

वाईचा_घाट
वेगळा धागा काढा, तिथं सविस्तर बोलतो.

सातारी_कंदी
प्रकाशक ठरलाय का? आधी हस्तलिखिताची एक प्रत जपून ठेवा आणि करार नीट वाचून मगच सही करा. माझ्या कवितासंग्रहाच्या वेळी फार मनस्ताप झाला.

पेवकरी
मी सांगलीजवळच्या हरिपूरचा. तुमच्या तोरलला पेवात बसवा. आमच्याकडं हळद जमिनीखालच्या पेवात ठेवायचे. तोंड माणूस जेमतेम उतरेल एवढं, आत ऐसपैस पोट. सगळी माती, दगड नाही. 2005 च्या पुरात बरीच पेवं गेली. पेव उघडलं की लगेच उतरत नाहीत, तोंड उघडं ठेवून आत हवा खेळू देतात. मग दोरीला बांधून कंदील खाली सोडायचा. ज्योत मंदावली की कुणी उतरायचं नाही. लहानपणी मी काठावर पालथा पडून ती ज्योत बघायचो. आजोबा एका हातानं माझी चड्डी धरून ठेवायचे.

संगम_माहुली
म्हणजे तो मुद्दाम मातीत शिकवायचा, दगडाला ऐकू जाऊ नये म्हणून! मग शिष्यांकडं फक्त आठवण उरली. भांडण तिथूनच सुरू.

हळदगाव
पेवकरी, अंगावर काटा आला. मी पेवांच्या गावाशेजारी राहून हे डोक्यात आलं नाही. तो कंदील शेजारी ठेवून बोलणार. ज्योत बारीक झाली की प्रश्न अर्धा सोडून सगळे वर. दोन पंथ म्हणजे एकाच अर्ध्या प्रश्नाची दोन उत्तरं. घाट, तुमची भिंत आणि किंकाळी पण घेतो, चालेल ना? पेवकरी, एकच सांगा, आत माणूस बोलला की आवाज कसा येतो?

पेवकरी
विहिरीसारखा घुमत नाही. आतून सारवलेलं असायचं, कडेनं पाचट. आजोबा खालून हाक मारायचे ती जवळूनच आल्यासारखी वाटायची, पण दबलेली. शनिवारी सकाळी या, घरचे थोरले आहेत, त्यांच्याशी गाठ घालून देतो.

हळदगाव
आठला पोचतो.