जोकर शेवटी मेला की नाही?

‘द किलिंग जोक’ (१९८८) या कॉमिकच्या शेवटी बॅटमॅन आपला शत्रू जोकर याला गळा धरून मारतो, हे ‘उघड आहे’ असं काही जण म्हणतात. मला नाही पटत. कॉमिक्सचा लेखक ग्रँट मॉरिसनने २०१३ मध्ये हा अर्थ बोलून दाखवला आणि तेव्हापासून तो फारच पसरला. पण लेखक अ‍ॅलन मूरच्या मूळ संहितेत दोघं एकमेकांना धरून हसताहेत, एवढंच आहे. गळा-बिळा काही नाही.

अर्थात संहिता म्हणजे कॉमिक नव्हे, हेही मान्य. चित्रकार ब्रायन बोलंडचं शेवटचं पान पुन्हा बघा. बॅटमॅनचा हात जोकरकडे जातो, मग चित्रचौकट खाली खाली सरकते, पायांपाशी, डबक्यापाशी. हसणं थांबतं. पाण्यावर पडलेली उजेडाची पट्टी नाहीशी होते आणि उरतो नुसता पाऊस. आता जोकरने त्याआधी सांगितलेला विनोद आठवा : दोन वेडे गच्च्यांवरून पळून जाताहेत; पलीकडे पोचलेला पहिला, टॉर्चच्या झोतावरून चालत ये म्हणतो, तर दुसरा म्हणतो, मी अर्ध्यात असताना तू बटण बंद करशील! उजेड जातो तो हा. माझ्या मते तिथे विश्वास तुटतो, मान नव्हे. शिवाय कथेची सुरुवातही अशाच पावसाच्या थेंबांनी होते, म्हणजे चक्र चालूच.

आणि एक गंमत : १९४०च्या ‘बॅटमॅन’ क्र. १ मध्येच जोकर मरणार होता. संपादक व्हिटनी एल्सवर्थ यांनी ऐनवेळी एक चौकट घालून त्याला जिवंत ठेवलं. बिचाऱ्याला पहिल्या अंकापासून धड मरूही देत नाहीत.