'लोकेशन शेअर करणे'ला मराठीत काय म्हणाल?

अनुवादवाली: जोडप्यांसाठीच्या एका पत्रकाचं भाषांतर करतेय. एकमेकांना सतत लोकेशन दाखवणं, याला 'ठावठिकाणा कळवणे' लिहिलं. तपासणाऱ्या बाईंनी लाल रेघ मारली, "ठावठिकाणा फरार आरोपीचा असतो!" मग लिहू काय?

कसबेकर: 'स्थानदर्शन'.

अलकाचौक: ही तर अष्टविनायकाची सहल झाली. पुण्यात झेड पुलावर जोडीनं बसलेलं एक तरी पोरगं 'स्थान पाठव' म्हणतं का? लोकेशनच ठेवा.

तळेगावची सून: आमच्यात 'ठिपका टाक' म्हणतात. नकाशावरचा ठिपका. व्हॉट्सॲपवर तो १५ मिनिटं, १ तास नाहीतर ८ तास दाखवता येतो. लग्नाआधी हा १५ मिनिटांचा टाकायचा, मला हवा ८ तासांचा. त्यावरून तुळशीबागेत अबोला झालाय. एकदा तर ठिपका थेट मुठेच्या पात्रात! फोन केला तर म्हणे पुलावर उभा आहे. होताही.

निवृत्त मास्तर: सरळ 'पाळत' म्हणा की. पाळत आणि पाळणा एकाच घरातले. आधी जपणूक, मग पहारा.

कसबेकर: मास्तर, पाळण्यातल्याला पासवर्ड नसतो.

अनुवादवाली: पुढे 'बॉडी लँग्वेज'पण आहे. देहबोली चालेल ना?

निवृत्त मास्तर: नेत्रपल्लवी असताना हे भाषांतरित नाणं कशाला?

अलकाचौक: नेत्रपल्लवी ठरवून करतात, देहबोली नकळत होते. एक कसं?

पौडफाटा: आमच्या वाड्यात आजोबा ओसरीवर एकदा खाकरले की आजी चहाचं आधण ठेवायची. दोनदा खाकरले तर पाहुणा जेवूनच जाणार, की भाताला तांदूळ वाढवायची. हिला काय म्हणायचं, कंठपल्लवी? आणि हो, 'नजर चुकवतो म्हणजे खोटं बोलतो' असं पत्रकात असेल तर आधी ते काढा. बाँड आणि डीपॉलो या मानसशास्त्रज्ञांनी २००६ साली ढीगभर प्रयोग एकत्र मांडले. नुसतं बघून-ऐकून खरंखोटं ओळखणं सरासरी ५४ टक्क्यांवर अडलं. छापा-काट्याला ५० मिळतात.

तळेगावची सून: म्हणजे ठिपकाच बरा.

निवृत्त मास्तर: विश्वास शब्दात 'श्वस्' धातू आहे. निर्धास्त श्वास घेता येणं. ठिपका बघत कोण निर्धास्त बसतं?

कसबेकर: मग भरवसा म्हणा, त्यात श्वास नाही.

निवृत्त मास्तर: भरवसा म्हशीचा, आणि तिला टोणगा होतो!

अनुवादवाली: सोमवारी छपाईला जायचंय. 'ठिपका' लिहू का?

निवृत्त मास्तर: ठिपका रांगोळीचा.