मदत हवी आहे: गांडूळ, गोम आणि जंत तक्त्यात कुठे बसवू?

शेवाळी:

नमस्कार मंडळी,

आमच्या शाळेच्या विज्ञान मंडळासाठी अपृष्ठवंशी प्राण्यांचा भिंतीवरचा तक्ता करतेय. गाव रत्नागिरीकडचं, अगदी किनाऱ्यावरचं. कालवं, तिसऱ्या, कुर्ल्या, माकुल हे सगळं मुलांनी हाताळलेलं आहे, त्यामुळे ओळख पटवायचा प्रश्नच नाही. अडलंय ते नात्यांशी.

माझ्या कॉलेजच्या वह्यांत चढता क्रम होता: देहगुहा (शरीराची भिंत आणि आतडं यांच्यामधली पोकळी) नसलेले चपटे कृमी तळाला, आभासी, म्हणजे अपुऱ्या अस्तराच्या देहगुहेचे गोलकृमी (जंत त्यांतलेच) त्यांच्या वर, मग खरी देहगुहा असलेलं गांडूळ आणि त्याला लागून गोम, झुरळ वगैरे, कारण दोन्हींकडे शरीर खंडाखंडांचं. फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ क्युविएने १८१२ मध्येच त्यांना एका गटात घातलं होतं. आता भाचीच्या बीएस्सीच्या पुस्तकात बघते तर गांडूळ गोगलगायीच्या गोतावळ्यात, आणि जंत थेट झुरळाशेजारी! ना पाय, ना खंड, आणि म्हणे झुरळाचा भाऊबंद?

दुसरं कोडं व्याख्येचं. गर्भाच्या गोळ्याला पहिलं जे भोक पडतं, तो ब्लास्टोपोअर. त्याचं तोंड झालं तर प्राणी प्रोटोस्टोम. तारामाशात तिथे गुदद्वार होतं. इथपर्यंत ठीक. पण बाणकृमींची (समुद्रातले छोटे, पारदर्शक, बाणासारखे प्राणी) गर्भवाढ तारामाशासारखी, आणि तरी ते प्रोटोस्टोमांत! मग तक्त्यावर लिहू काय? कृपया लिंका नकोत, समजावून सांगा.

जुना मास्तर:

शेवाळीताई, आधी व्याख्येचं. प्राणिशास्त्रज्ञ ग्रोबेनने १९०८ मध्ये प्रोटोस्टोम हे नाव दिलं तेव्हा गर्भ हाच मुख्य पुरावा होता. पुढे अपवाद निघत गेले. प्रियापुलस कॉडेटस नावाचा समुद्री कृमी पक्का प्रोटोस्टोम, पण त्याच्या ब्लास्टोपोअरचं गुदद्वार होतं, हे २०१२ मध्ये दाखवलं गेलं. आज हा गट उभा आहे तो जनुकांवरून काढलेल्या नात्यावर. मुलांसाठी मी ठळक अक्षरांत 'मुख्य चेतारज्जू पोटाकडून' असं लिहीन आणि तोंडाची गोष्ट खाली बारीक अक्षरांत. चेतारज्जू झुरळात दिसतो, गांडुळातही दिसतो. अपवाद यालाही आहेत, पण शाळेच्या तक्त्याला चालेल.

आता जंत. १९९७ मध्ये १८एस आरआरएनए या सगळ्या प्राण्यांत असणाऱ्या जनुकाच्या तुलनेवरून कात टाकणाऱ्यांचा एक गट पुढे आला, एक्डायसोझोआ. जंत प्रौढ होईपर्यंत चारदा कात टाकतो. झुरळ टाकतं, कुर्ली टाकते. गांडूळ टाकत नाही. खंडांना आपण उगाच जास्त भाव दिला. ते दोन्ही शाखांत स्वतंत्रपणे आले असावेत, असं बऱ्याच जणांचं मत आहे.

दुसरी शाखा लोफोट्रोकोझोआ, म्हणजे गांडूळ, गोगलगाय, कालवं यांची; हे नाव १९९५ चं. यातल्या बऱ्याच प्राण्यांत गर्भाच्या पेशी तिरप्या, एकदा उजवीकडे एकदा डावीकडे वळत विभागतात. कालवाचं पिल्लू आणि गांडुळाच्या समुद्री भाऊबंदांचं पिल्लू सुरुवातीला भोवऱ्यासारखं दिसतं, कमरेला केसलांचा (सूक्ष्म हलत्या केसांचा) पट्टा. त्याला ट्रोकोफोर म्हणतात. गांडुळात ही अवस्था नसते, ते कोषातून थेट छोटं गांडूळ होऊनच बाहेर येतं. एखादं चुणचुणीत पोर यावर अडवणार, तयारीत राहा.

चपटे कृमी याच शाखेच्या बाजूला ठेवा. देहगुहा नाही म्हणून तळाला ढकलायची पद्धत आता मोडीत निघाली.

ओहोटी:

मास्तरांना अनुमोदन. ताई, तक्त्याखाली कुर्लीची टाकलेली कात चिकटवा. किनाऱ्यावर सापडते, मुलं मेलेली कुर्ली समजून उचलतात. पाठ मागच्या बाजूने उघडलेली आणि आत मांस नाही, म्हणजे कात. शेजारी झुरळाची ठेवा, ती शोधायला कुणाला लांब जावं लागणार नाही 😀

शेवाळी:

आभार! म्हणजे चढता क्रम रद्द, दोन फांद्या काढते. एक राहिलं: समुद्री शेवाळावर पांढरी जाळीदार खपली असते ते ब्रायोझोआ ना? ते कुठे? आणि बाणकृमी?

जुना मास्तर:

ब्रायोझोआ कालवांच्या फांदीवर. बाणकृमी प्रोटोस्टोमच, पण मुलांच्या तक्त्यात त्यांना बुंध्याजवळ वेगळी काडी काढून ठेवा. त्यांची नेमकी जागा बरीच वर्षं वादात होती.