जीवाश्म, आणि तोही जिवंत?

अर्धविराम: एका लेखाचं भाषांतर करतेय. हॉर्सशू क्रॅब या समुद्री प्राण्याला, कोट्यवधी वर्षं न बदललेला म्हणतात म्हणून, सरळ 'जिवंत जीवाश्म' लिहिलं. संपादकांनी समासात शेरा मारला, "अश्म झाला तो जिवंत कसा?" मी तर शाळेपासून हाच शब्द वाचत आलेय. दुसरा काही आहे का? उद्या द्यायचंय.

घुबड: शेरा रास्त आहे. इंग्रजीत हा घोळ निम्माच. फॉसिल लॅटिनमधून आला, मूळ अर्थ 'खणून काढलेलं'. दगड आपण घातला.

खडूस_कोश: अहो, विरोधाभास हीच तर गंमत! डार्विनने १८५९ मध्ये प्लॅटिपससारख्यांना 'जिवंत फॉसिल' म्हटलं तेही 'जवळजवळ असं म्हणता येईल' अशाच बेताने.

पाटीपेन्सिल: 'आदिजीव' का नको? सुटसुटीत.

खडूस_कोश: तो प्रोटोझोआला, म्हणजे एकपेशीय जीवांना, देऊन झालाय. 'पुराजीव'ही सुचवू नका, तो पृथ्वीच्या इतिहासातला एक कालखंड, महाकल्प आहे.

पाटीपेन्सिल: मग चिरंजीव!

घुबड: चिरंजीव अश्वत्थामा. तो एकटाच युगानुयुगं भटकतोय. इथे प्रत्येक प्राणी मरतो, टिकतो तो साचा. तोही वरवरचा. सीलाकँथ नावाचे मासे ६.६ कोटी वर्षांपूर्वी संपले असं धरून चालले होते. १९३८ मध्ये दक्षिण आफ्रिकेत एक जाळ्यात आला. पण आजचा सीलाकँथ, म्हणजे लॅटिमेरिया, जुन्या खडकांत सापडत नाही, तिथले त्याचे भाऊबंद वेगळ्या प्रजातींचे. मला 'न बदललेला' हेच खटकतं.

खडूस_कोश: शास्त्राला धरून नाही म्हणून शब्द टाकायचा? मग 'सूर्योदय'ही टाका.

ओलीशाई: थोडं अवांतर. 'अश्म' आणि फारसी 'आसमान' एकाच कुळातले. अवेस्तात, म्हणजे पारशांच्या धर्मग्रंथात, 'अस्मन्' म्हणजे दगडही आणि आभाळही.

पाटीपेन्सिल: तरीच आभाळ कोसळलं की लागतं!

घुबड: बरं, हॉर्सशू क्रॅबचं मराठी काय केलंत?

अर्धविराम: नालखेकडा.

घुबड: खेकडा कुठला? कोळी-विंचवांचा नातलग तो.

खडूस_कोश: देवमासा तरी कुठे मासा आहे?

ओलीशाई: 'नालविंचू' करा की.

अर्धविराम: मंडळी, अश्माचं काय?

घुबड: नालविंचू म्हटलं की वाचणारा नांगी शोधणार. ती शेपटी डंखाची नव्हे, उताणा पडला की सरळ व्हायला वापरतो.

खडूस_कोश: 'उताणा' की 'उलथा'?