ग्रॅच्युइटी अडली तर थेट उच्च न्यायालय?

या चर्चेत वर कुणीतरी म्हटलंय की कंपनीने ग्रॅच्युइटी (नोकरी संपताना मालकाने द्यायची एकरकमी रक्कम) अडवली तर वकील गाठून उच्च न्यायालयात जाण्यावाचून गत्यंतर नाही. खासगी नोकरीच्या बाबतीत हे मला पटत नाही. माझे वडील 2014 मध्ये एका कारखान्यातून निवृत्त झाले. दर सोमवारी डबा घेऊन ते गेटवर जायचे, आणि "नो ड्यूज (कंपनीचं काही देणं नसल्याचा दाखला) बाकी आहे" ऐकून परत यायचे. सात महिने. शेवटी नमुना 'आय', म्हणजे मालकाकडे ग्रॅच्युइटी मागण्याचा अर्ज, भरून रजिस्टर पोस्टाने कंपनीला पाठवला, उत्तर आलं नाही म्हणून नमुना 'एन', म्हणजे तक्रारीचा अर्ज, घेऊन नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे (ग्रॅच्युइटीचे वाद ऐकणारा सरकारी अधिकारी) गेलो.

व्याजाचा मुद्दा इथे कुणीच काढलेला नाही. 1972 च्या ग्रॅच्युइटी कायद्यात 30 दिवसांत रक्कम द्यायचं बंधन होतं, उशीर झाला तर वर्षाला 10 टक्के सरळव्याज. आदेश होऊनही मालकाने दिली नाही तर जिल्हाधिकाऱ्यामार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली. आम्हाला व्याजासकट मिळाली. नमुना 'एन'च्या अर्जाला 90 दिवसांची मुदत होती, पण सबळ कारण असेल तर उशीर माफ व्हायचा. ती पोस्टाची पोचपावती मात्र जिवापाड जपा, सुनावणीत पहिल्यांदा तीच मागितली होती.