'आनुवंशिक चक्कर' म्हणावं का?

एका रुग्णपत्रिकेचं मराठी करतोय. विषय आहे 'कॉख' नावाचं जनुक, १४ व्या गुणसूत्रावरचं. ते बिघडलं की साधारण तिशी-चाळिशीनंतर ऐकू येणं आणि तोल, दोन्ही हळूहळू जात राहतं (शरीराचा तोल सांभाळणारं इंद्रियही कानाच्या आतच असतं). नेदरलँड्स आणि बेल्जियममधल्या कितीतरी कुटुंबांत एकाच पूर्वजापासून आलेला असा एक बिघाड आढळतो. मी मथळा दिला 'आनुवंशिक चक्कर'. मुद्रितशोधकांनी 'अनुवांशिक' करून परत पाठवला. बरोबर काय? आणि 'चक्कर' चालेल का?

— आनुवंशिकच. समाज-सामाजिक, अनुषंग-आनुषंगिक, तसं अनुवंश-आनुवंशिक. वृद्धी पहिल्या स्वराला होते. 'अनुवांशिक' म्हणजे डोक्याचं बाशिंग गुडघ्याला. वर्तमानपत्रांत मात्र तेच सर्रास दिसतं.

— माझा आक्षेप 'चक्कर'ला आहे. हा शब्द आपण कशालाही वापरतो. कानाचे डॉक्टर आधी विचारतात, खोली फिरते की डोळ्यांपुढे अंधारी येते? खोली फिरते ते गरगरणं, ते बहुधा कानाचं. झटकन उठल्यावर अंधारी येते ती बऱ्याचदा रक्तदाबाची. आमची आजी दोन्ही नीट वेगळं सांगायची. आम्ही शिकलेले लोक सगळ्याला 'चक्कर आली' म्हणून मोकळे.

— मग भोवळ? भ्रम् धातूचा शब्द, भोवरा आणि भोवंडणे यांचा भाऊबंद.

— मूळ फिरण्याचंच, पण आज 'भोवळ येऊन पडला' म्हणजे शुद्ध हरपली असंच लोक समजतात. इथे नको.

— मुळात या आजारात बऱ्याच जणांना गरगरतच नाही! मेंदू डाव्या-उजव्या कानाचा हिशेब ताडून पाहतो. एक कान अचानक गेला की हिशेब चुकतो आणि घर फिरायला लागतं. इथे दोन्ही कान जवळपास बरोबरीनं मंदावतात, त्यामुळे तक्रार वेगळीच असते. उजेडात माणूस ठीक चालतो; तोंडाला साबण लावून डोळे मिटले की नळ धरावा लागतो. वीज गेली की भिंत चाचपत जायचं. चालताना दुकानाच्या पाट्या वाचता येत नाहीत, नजर हिंदकळते.

— 'नजर हिंदकळणे' फार आवडलं. कळशीतल्या पाण्याचा शब्द, आणि अंतर्कर्णातही द्रवच असतो. पारिभाषिक 'दोलायमान दृष्टी'पेक्षा शंभर पटींनी बरा.

— पत्रिकेत 'प्रभावी जनुक' लिहिलं असेल तर पुढे एक वाक्य जोडा. 'प्रभावी औषध' वाचणाऱ्याला ते चांगलं काहीतरी वाटतं. अर्थ एवढाच, की आई किंवा वडील यांच्यापैकी एकाकडून आलेली बिघडलेली प्रत पुरते, आणि प्रत्येक मुलाला ती मिळण्याची शक्यता ५० टक्के.

— अशर सिंड्रोम या दुसऱ्या आनुवंशिक आजाराच्या पहिल्या प्रकारात उलट, दोन्हीकडून बिघाड यावा लागतो. मूल जन्मतः बहिरं असतं आणि कानातला तोलही नसल्यानं दीड वर्ष उलटलं तरी चालत नाही. घरचे म्हणतात 'आळशी आहे'. शब्दाचा दोष म्हणायचा तर हा.

— सगळ्यांचे आभार. मथळा केला: 'कानातला तोल जाण्याचा आनुवंशिक आजार'. लांब आहे, पण खोटा नाही.

— मुद्रितशोधकांना आधी फोन करा. नाहीतर छापून 'अनुवांशिक'च येईल.